झाक पेपँ यांच्या पद्धतीने फ्रेंच ऑम्लेट

अमेरिकी दूरचित्रवाणीवर नावारूपाला आलेले फ्रेंच शेफ झाक पेपँ ऑम्लेट दोन प्रकारे करून दाखवतात. एक ग्रामीण पद्धतीचे, थोडे तांबूस होऊ दिलेले. दुसरे अभिजात, फिकट पिवळे, ज्यावर भाजल्याचा एकही डाग नसतो. दोन्ही बाजूंनी खरपूस भाजलेल्या, कांदा-मिरचीच्या ऑम्लेटची सवय असलेल्यांना हे दुसरे कच्चे वाटण्याची शक्यता आहे, पण हाताची खरी परीक्षा त्यातच होते.

तीन अंडी, मीठ, मिरपूड आणि बारीक चिरलेली कोवळी कांद्याची पात काट्याने एकजीव करावी. फेस येईपर्यंत फेटू नये. साधारण 8 इंची नॉनस्टिक पॅनमध्ये मध्यमपेक्षा थोड्या मोठ्या आचेवर लोणी वितळवावे आणि ते तांबूस होण्याआधीच अंडी ओतावीत. यानंतर दोन्ही हातांना एकाच वेळी काम असते: एका हाताने पॅन सतत हलवायचा आणि दुसऱ्या हाताने, काट्याची टोके पॅनला न लावता, अंडे भराभर ढवळायचे, म्हणजे गोळे मोठे न होता बारीक व मऊ राहतात. अंडे बहुतेक आळले, पण वरून ओलसर आहे, असे दिसताच ढवळणे थांबवावे, कारण उरलेले काम आतली उष्णता करते. पॅन तिरपा करून अलीकडची कड आत दुमडावी, दांड्यावर मुठीने हलके ठोके देऊन पलीकडची कड वर आणून तीही दुमडावी आणि जोड खाली जाईल अशा रीतीने ऑम्लेट ताटलीत उलटावे.

ही सफाई पडद्यासाठी कमावलेली नव्हती. 1935 साली बूर-काँ-ब्रेस येथे जन्मलेले पेपँ तेराव्या वर्षी हॉटेलच्या स्वयंपाकघरात उमेदवारीला लागले, पुढे पॅरिसच्या प्लाझा आतेने हॉटेलात राबले आणि फ्रान्सचे नेते शार्ल द गोल यांचे आचारी झाले. 1959 मध्ये अमेरिकेत आल्यावर त्यांनी व्हाइट हाउसमधली नोकरी नाकारून हॉवर्ड जॉन्सन या उपाहारगृहांच्या साखळीत काम पत्करले. मला त्यांच्या कारकिर्दीतला हा सर्वांत धाडसी निर्णय वाटतो. 1974 च्या भीषण मोटार अपघातानंतर तासन्‌तास शेगडीपाशी उभे राहणे अवघड झाले आणि ते शिकवण्याकडे वळले. 1976 मध्ये छायाचित्रांसह एकेक हस्तकौशल्य समजावणारे त्यांचे पुस्तक आले. पुढे दूरचित्रवाणी मालिका आल्या, त्यांपैकी 1999 ची, अमेरिकी पाककला लेखिका ज्युलिया चाइल्ड यांच्यासोबतची विशेष गाजली. म्हणूनच त्यांचे कार्यक्रम पाहताना साहित्याच्या यादीपेक्षा मनगटाकडे लक्ष द्यावे.

चौघांसाठी करायचे असल्यास बारा अंडी एकदम घालू नयेत. पॅन भरला की ढवळणे जमत नाही आणि तळ लागतो. चार ऑम्लेटे वेगवेगळी करावीत. हात बसला की एकाला मिनिटभरच लागते.