‘रेल्वेत जायचंय’ म्हणजे नेमकं कुठल्या रेल्वेत?

जाहिरात सुटली की सांगली-मिरजेच्या अभ्यासिकांमधून फोन सुरू होतात. “दादा, रेल्वेच्या जागा निघाल्यात, फॉर्म भरू का?” भरा की. पण कुठल्या रेल्वेच्या? इथं समोरचा गप्प होतो. त्याच्या डोक्यात रेल्वे एकच असते, भिलवडीच्या फाटकावरून धडधडत जाणारी. पद कुठलं आणि पगार किती हे सगळे विचारतात, रेल्वे कुठली ते कुणी विचारत नाही. मी स्टेशन मास्तर आहे. इतकी वर्षं या खात्यात काढल्यावर सांगतो, तुम्ही कुठं राहणार, किती रात्री जागणार आणि घरी सणाला पोचणार की नाही, हे पदापेक्षा रेल्वे कुठली यावरच जास्त ठरतं.

आपल्या भागातल्या पोरांना हे खरं तर सांगावं लागू नये. मिरज जंक्शनात एके काळी तिन्ही रुंदीचे रूळ होते. पुणे-कोल्हापूर मार्ग १९७०च्या दशकाच्या सुरुवातीला ब्रॉडगेज झाला. बेळगाव-लोंढ्याकडची मीटरगेज नव्वदच्या दशकापर्यंत टिकली. तिसरी बार्शी लाइट रेल्वे, अडीच फुटी नॅरोगेज. एव्हरार्ड कॅलथ्रॉप नावाच्या इंग्रज इंजिनिअरने १८९७ साली ती कुर्डुवाडीहून बार्शीपर्यंत सुरू केली आणि १९२७ मध्ये ती मिरजेला येऊन पोचली. एका ॲक्सलवर पाच टनांहून जास्त भार नाही, हा तिचा नियम. तीन रूळ म्हणजे तीन वेगवेगळे कारभार. माल एका गाडीतून उतरवून दुसरीत चढवायचा आणि हमालांनी मधे घाम गाळायचा. १९९२ला सरकारने सगळीकडे एकच गेज करायचं धोरण घेतलं आणि हळूहळू रूळ एक झाले. त्याच जुन्या बार्शी लाइनच्या वाटेने, ब्रॉडगेज झाल्यावर, २०१६च्या उन्हाळ्यात मिरजेहून लातूरला पाण्याची ‘जलदूत’ गाडी गेली. पहिल्या खेपेला दहा वाघिणी, पाच लाख लिटर. नॅरोगेजच्या काळात एवढं पाणी एका गाडीने नेणं जमलं नसतं.

रूळ एक झाले तरी कारभार मात्र अजून अनेक आहेत. त्यातला सगळ्यात मोठा अर्थातच भारतीय रेल्वे. सुमारे बारा लाख माणसं, अनेक झोन, झोनखाली विभाग. मिरज स्टेशन मध्य रेल्वेच्या पुणे विभागात. पंढरपूर-कुर्डुवाडीची लाइन सोलापूर विभागाची. बेळगावकडे निघालात की दक्षिण पश्चिम रेल्वे आणि तिचा हुबळी विभाग. आता परीक्षेचं बघा. एका भरतीत एकाच रेल्वे भरती बोर्डाला अर्ज करता येतो. मध्य रेल्वे मुंबई बोर्डाकडे, हुबळीकडची बंगळुरू बोर्डाकडे. पोरं जागांचा आकडा आणि मागचा कट-ऑफ बघून बोर्ड निवडतात. नकाशा उघडून बघत नाहीत. मिरजेच्या पोराला मुंबई बोर्डातून नागपूर किंवा भुसावळ विभाग मिळू शकतो आणि बंगळुरू बोर्डातून घरापासून दोन तासांवरचं स्टेशन. उलटंही होतं, थेट म्हैसूर पदरात पडतं. मी बंगळुरूतून लागलो. पहिली नेमणूक बेळगावच्या पुढं, घाटाकडच्या एका आडस्टेशनावर. पेपर मराठीतून देता येतो, पण रूळ बदलणाऱ्या पॉइंट्समनशी बोलायला कन्नड लागतं. ते पुस्तकातून नाही, चहाच्या टपरीवर येतं.

नंतर बदली करून घेऊ, असं प्रत्येक जण म्हणतो. स्वतःच्या अर्जावर झोन बदलला की सीनियॉरिटी तळाला जाते, हे लक्षात ठेवून म्हणा.

स्टेशन मास्तरच्या कामाबद्दल लोकांचा समज म्हणजे पांढरा शर्ट आणि हिरवा झेंडा. एकेरी लाइनवरच्या छोट्या स्टेशनावरची एक रात्र सांगतो. शेजारच्या स्टेशनचा मास्तर फोनवर गाडीचा नंबर सांगून लाइन क्लिअर, म्हणजे आपल्याकडे गाडी सोडायची परवानगी, मागतो. आपण रजिस्टर बघायचं, आधीची गाडी पूर्ण आली का, शेवटच्या डब्याची खूण दिसली का, याची खात्री करायची आणि मग होकार द्यायचा. नुसता तोंडी होकार चालत नाही. प्रत्येकाकडे गुप्त आकड्यांचं एक छापील पुस्तक असतं. त्यातला पुढचा आकडा आपण सांगायचा, त्याने लिहून घ्यायचा, मिनिटासकट. हा प्रायव्हेट नंबर. उद्या काही झालं तर चौकशीत आधी ही नोंदच बघतात. मग गाडी येते. आपण प्लॅटफॉर्मवर उभं राहून इंजिनवाल्याशी हिरव्या दिव्याची देवाणघेवाण करायची आणि सगळे डबे जाईपर्यंत डोळे, कान आणि नाक उघडं ठेवायचं. तापलेल्या ॲक्सलचा वास येतो. काही लोंबकळत असेल तर ठिणग्या दिसतात. पलीकडच्या बाजूला पॉइंट्समन हेच करत असतो. मोठ्या स्टेशनात पॅनेल नाहीतर संगणकाचा पडदा असतो आणि पद्धत थोडी बदलते, पण जबाबदारी तीच. पहाटे तीन-साडेतीनला ज्याचं डोकं चालत नाही, त्याने हे पद घेऊ नये. पगार लेव्हल सहाचा, मूळ ३५,४०० रुपये. पदवी लागते. झोपेचं खोबरं होतं ते वेगळं.

आता सगळ्यांच्या आवडीचं पद, असिस्टंट लोको पायलट. आयटीआय किंवा डिप्लोमावर भरता येतं, म्हणून पलूस-तासगाव पट्ट्यातली निम्मी पोरं हाच फॉर्म भरतात. दोन ऑनलाइन परीक्षा, मग संगणकावरची ॲप्टिट्यूड चाचणी, मग मेडिकल. आणि बरीच स्वप्नं मोडतात ती मेडिकलला. या पदाला ए-वन दर्जा लागतो, म्हणजे चष्म्याशिवाय दोन्ही डोळे सहा-सहा आणि रंगांची ओळख पक्की. लेसिक करून चष्मा घालवलेला चालत नाही. मेडिकलला नापास झालात तर दुसरं पद मिळत नाही. आमच्या गल्लीतल्या एका पोराने क्लासला पैसे घातले, दोन्ही परीक्षा काढल्या आणि रंगीत ठिपक्यांतला आकडा त्याला वाचता आला नाही. रंगांधळेपणा जन्मापासून होता, घरात कुणाला पत्ता नव्हता. अख्ख्या महाराष्ट्र-कर्नाटकातून लोक मिरजेला डॉक्टर गाठायला येतात. आपण मिरजेत राहून क्लासच्या आधी एकदा डोळे तपासून घ्यायला काय हरकत आहे? स्टेशन मास्तरला ए-टू लागतो, तो थोडा सैल. ऑफिसातल्या पदांना आणखी सैल.

लेव्हल एकच्या जागा, म्हणजे ट्रॅक मेंटेनर, पॉइंट्समन, हेल्पर. मूळ पगार १८,०००. पदवीधर पोरं ही जागा ‘तात्पुरती’ म्हणून घेतात आणि उन्हात रुळावर हातोडा धरल्यावर दचकतात. खात्यांतर्गत परीक्षा देऊन वर चढता येतं, चढतातही. पण दिवसभर गँगमध्ये काम करून रात्री अभ्यास करायची धमक आधी स्वतःला विचारा.

रेल्वेचं मोठं उत्पन्न मालवाहतुकीतून येतं, हे पुण्याच्या पॅसेंजरची वाट बघणाऱ्याला खरं वाटत नाही. त्याने एकदा मालधक्क्यावर जाऊन यावं. सिमेंटचा किंवा खताचा रेक, म्हणजे अख्खी मालगाडी, लागला की हमाल, ट्रकवाले, व्यापाऱ्याचा माणूस आणि रेल्वेचा गुड्स क्लार्क, सगळ्यांचे डोळे घड्याळावर. ठरलेल्या तासांत वाघिणी मोकळ्या झाल्या नाहीत की प्रत्येक वाघिणीमागे तासाच्या हिशोबाने डेमरेज, म्हणजे उशिराचा दंड, चढतं. पाऊस आला, हमाल कमी पडले, ट्रक घाटात अडकला, कारण काहीही असो. क्लार्कच्या खुर्चीवर बसून ही भांडणं ऐकली की व्यापार म्हणजे काय ते कळतं.

आपल्याकडे मालगाडी लूप लाइनला, म्हणजे बाजूच्या रुळावर, तासन्‌तास उभी आणि एक्स्प्रेस पुढं, हा शिरस्ता. अमेरिकेत चित्र वेगळं. तिथले रूळ बहुतांशी खासगी मालवाहू कंपन्यांचे. युनियन पॅसिफिक, बीएनएसएफ अशा जेमतेम सहा बड्या कंपन्या, आणि त्यांच्या जोडीला सहाशेच्या वर छोट्या ‘शॉर्ट लाइन’, काही तर गावातल्या धान्य कोठारापासून मोठ्या मार्गापर्यंतच जाणाऱ्या. प्रवासी गाड्या चालवणारी सरकारी ॲमट्रॅक १९७१ साली आली आणि बहुतेक ठिकाणी तिच्या गाड्या दुसऱ्याच्या रुळांवरून धावतात. आमच्या एका प्रशिक्षकाने हे सांगितलं तेव्हा वर्गात हशा पिकला होता. पण तोच विचार अर्धामुर्धा आपल्याकडेही आलाय. मालगाड्यांना स्वतंत्र रूळ, म्हणजे डेडिकेटेड फ्रेट कॉरिडॉर. त्याची सरकारी कंपनी २००६ची. पश्चिमेचा मार्ग न्हावाशेवा बंदर ते दादरी, १५०६ किलोमीटर. पूर्वेचा लुधियाना ते सोननगर, १३३७ किलोमीटर. पश्चिमेच्या मार्गावर कंटेनर दुमजली रचून नेता येतात, म्हणून वरची वीजतारच जास्त उंच टांगलीय. ॲक्सलवर पंचवीस टन भार. मघाशी बार्शी लाइटचा आकडा सांगितला, त्याशेजारी हा ठेवा. यांची भरती वेगळी, परीक्षा वेगळी, आणि स्टेशनं बहुतेक गावाबाहेर, राजस्थान, गुजरात, उत्तर प्रदेशात. आमच्या अभ्यासिकेतला एक जण तिकडे आहे. प्रवाशांची कटकट नाही म्हणून तो खूश, बोलायला माणूस नाही म्हणून बायको नाखूश.

कोकण रेल्वे आपल्याला नकाशात घाटाखालीच दिसते, पण ती भारतीय रेल्वेचा साधा झोन म्हणून उभी राहिलेली नाही. १९९०मध्ये तिची स्वतंत्र कंपनी झाली, केंद्राचा आणि ज्या राज्यांतून ती जाते त्या राज्यांचा पैसा घालून. २६ जानेवारी १९९८ला पूर्ण मार्ग खुला झाला. नव्वदच्या वर बोगदे. ट्रक गाडीवर चढवून नेणारी रो-रो सेवा त्यांनी १९९९मध्ये सुरू केली. त्यांच्या भरतीत ज्यांच्या जमिनी प्रकल्पात गेल्या त्यांना आधी संधी, हे घाटावरच्या पोरांनी ध्यानात घ्यावं आणि जाहिरातीतल्या अटी शेवटच्या ओळीपर्यंत वाचाव्यात. पावसाळ्यात तिथं वेळापत्रकच वेगळं असतं, वेग कमी आणि दरडींवर रात्रंदिवस गस्त.

मेट्रोचं मात्र सविस्तर सांगायला हवं, कारण आता आपल्याकडचा ओढा पुण्याकडे आहे. ६ मार्च २०२२ला पुण्यात मेट्रो सुरू झाली आणि डिप्लोमावाल्यांचे डोळे तिकडे लागले. मेट्रो म्हणजे रेल्वे खातं नव्हे. कोलकात्याची १९८४ची मेट्रो तेवढी रेल्वेच्या ताब्यात, तिला झोनचाच दर्जा आहे. बाकी बहुतेक शहरांत केंद्र-राज्याच्या कंपन्या. रूळसुद्धा बहुतेक ठिकाणी १४३५ मिलिमीटरचे, आपले १६७६चे. त्यामुळे मिरजेची गाडी मेट्रोच्या रुळावर चढूच शकत नाही. कामाची तऱ्हाही वेगळी. कवठेमहांकाळची एक इलेक्ट्रॉनिक्सची डिप्लोमावाली माझ्या ओळखीची आहे, ती मेट्रोत स्टेशन कंट्रोलर आहे. प्रायव्हेट नंबर तिने ऐकलेलाही नव्हता. गाड्यांमधलं अंतर यंत्रणाच सांभाळते. हिच्या वाट्याला गर्दी, बंद पडलेली लिफ्ट, अडकलेलं तिकीट आणि हरवलेलं मूल. शिफ्ट आठ तासांची, मध्यरात्रीनंतर प्रवासी गाड्या नाहीत, घर त्याच शहरात. मुलींनी याचा जरूर विचार करावा, असं तीच सांगते. दोन गोष्टी मात्र तपासा. तिकीट खिडकी, सुरक्षा, साफसफाई अशी कामं बऱ्याचदा कंत्राटदाराकडे असतात, त्यामुळे ‘मेट्रोत नोकरी’ म्हणजे कंपनीची की कंत्राटदाराची, ते नेमणूकपत्रावर वाचा. दुसरं, रेल्वेतले फुकट प्रवासाचे पास आणि पीटीओ, म्हणजे सवलतीची तिकिटं, तिथं नाहीत.

बुलेट ट्रेनची, म्हणजे मुंबई-अहमदाबाद ५०८ किलोमीटरची, चौकशी करणारे खूप. बांधकामाच्या काळात तिथं सिव्हिलवाल्यांना जास्त वाव. वीजकेंद्रं आणि पोलाद कारखान्यांच्या आतल्या खासगी साइडिंग हाही एक प्रकार आहे. तिथं परीक्षा नसते, ओळख आणि अनुभव चालतो, आणि निवृत्त रेल्वेवाल्यांना पहिली पसंती मिळते. माथेरानची छोटी गाडी बघून हरखू नका, ती मध्य रेल्वेचीच आहे आणि तिथली नेमणूक मागून मिळत नाही.

आयटीआय झालेल्यांनी अप्रेंटिसशिप सोडू नये. मध्य रेल्वेची निवड दहावी आणि आयटीआयच्या गुणांवर होते, परीक्षा नाही. पुणे आणि सोलापूर हे आपल्याला जवळचे गट, कुर्डुवाडीचा वर्कशॉपही त्यातच. अप्रेंटिसशिप संपली की लेव्हल एकच्या भरतीत अशा उमेदवारांना वीस टक्के जागा राखीव असतात.

शेवटी कागदपत्रं, कारण सातारा-सांगलीची पोरं इथंच जास्त अडकतात. रेल्वे केंद्राची. राज्याचं एसईबीसी प्रमाणपत्र इथं चालत नाही. मराठा उमेदवार निकषात बसत असेल तर ईडब्ल्यूएसमधून भरू शकतो. त्याला कुटुंबाचं उत्पन्न आठ लाखांच्या आत लागतं आणि शेती पाच एकरांपेक्षा कमी. बागायत की जिरायत, हे कुणी विचारत नाही. ओबीसींना नॉन-क्रिमीलेअर केंद्राच्या नमुन्यात लागतं. सेतू केंद्रात नुसतं “नॉन-क्रिमीलेअर द्या” म्हटलं की राज्याचा नमुना हातात पडतो, म्हणून नमुन्याची प्रत सोबत घेऊन जा. दहावीच्या गुणपत्रिकेवरचं आणि आधारवरचं नाव जुळतंय का, तेही आत्ताच बघा. आणि फी बुडाली म्हणून रडू नका. पाचशे भरणाऱ्याला पहिल्या परीक्षेला हजर राहिल्यावर चारशे परत मिळतात, अडीचशेवाल्याला बँकेचा खर्च वजा जाता सगळे. फक्त फॉर्ममध्ये बँक खातं स्वतःचं टाका, नेट कॅफेवाल्याचं नको.