तिला घरच्यांनी डांबून ठेवलंय: हेबियस कॉर्पसची (डांबलेल्या व्यक्तीला कोर्टासमोर हजर करायला लावणारी) याचिका कशी करावी

नवरा असो, मित्र असो की मैत्रीण, "मॅडम, घरचे तिला बाहेर पडू देऊन नाही राहिले" असं कुणी सांगितलं, की मी लग्नाचे फोटो बाजूला ठेवायला लावते आणि वयाचा कागद मागते. टी.सी. (शाळा सोडल्याचा दाखला), दहावीचं प्रमाणपत्र किंवा जन्मदाखला. आधार कार्डावर विसंबू नका. तो जन्मतारखेचा पुरावा नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2024 मध्ये मान्य केलंय. मुलगी अठराच्या आतली असेल तर ही वाट तुमची नाही. उलट मुलावर पोक्सो (बालकांवरच्या लैंगिक अत्याचारांविरुद्धचा कायदा) लागू शकतो. तिला अठरा पूर्ण आहेत, पण सज्ञान मुलगा एकवीसचा नाही, तर मात्र खचू नका. सज्ञान दोघं लग्नाविनाही एकत्र राहू शकतात, असं 2018 च्या नंदकुमार प्रकरणात ठरलंय.

मग पोलीस ठाण्यात लेखी अर्ज. तिला कुणी नेलं, कधी, कुठे ठेवलं असावं, गाडीचा नंबर माहीत असेल तर तोही लिहा. शिक्क्याची पोच घ्या. अर्ज घेतला नाही तर शहरात पोलीस आयुक्तांना, ग्रामीण भागात अधीक्षकांना स्पीड पोस्टाने पाठवा आणि पावती जपा. पोलीस बहुधा 'मिसिंग' नोंदवतात. तुमच्या अर्जात मात्र 'इच्छेविरुद्ध डांबलंय' हे आलंच पाहिजे, कारण नुसती हरवलेली व्यक्ती शोधून देण्यासाठी ही याचिका नाही.

तिचे मेसेज, व्हॉइस नोट पुसू नका. स्क्रीनशॉट काढले तरी मूळ फोन तसाच ठेवा. "मला न्यायला ये" एवढी एक ओळ माझ्या लेखी अख्ख्या अल्बमपेक्षा मोलाची आहे.

याचिका राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली, मुंबई उच्च न्यायालयाच्या सिव्हिल लाइन्समधल्या नागपूर खंडपीठात, दोन न्यायमूर्तींसमोर चालते. विदर्भातले अकराही जिल्हे इथेच येतात. नागपुरातून उचलून मध्य प्रदेशातल्या छिंदवाड्याला नेलं असेल, तरी प्रकार इथे सुरू झाला म्हणून 226(2) मुळे इथे दाद मागता येते. राज्य सरकार, पोलीस आणि डांबून ठेवणारे नातेवाईक यांना प्रतिवादी करा. शपथपत्रात जे स्वतः पाहिलं ते आणि जे ऐकलं ते वेगवेगळं लिहा. पैसे नसतील तर 15100 वर विधी सेवेला फोन करा. स्त्रियांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.

आता सगळ्यात महत्त्वाचं. न्यायालय पोलिसांना तिला हजर करायला सांगतं आणि खरी सुनावणी तेव्हा होते. तिला एकटीला, घरच्यांपासून आणि पोलिसांपासून दूर, न्यायमूर्तींच्या दालनात बोलू द्यावं, हा आग्रह वकिलाने धरलाच पाहिजे. देवू नायर प्रकरणात 2024 साली सर्वोच्च न्यायालयाने तशी मार्गदर्शक तत्त्वं घालून दिली. समुपदेशनाच्या नावाखाली तिचं मन वळवायचं नाही, हेही त्यात आहे. कोंडून ठेवलेल्या पोरीला बाप समोर उभा असताना "तुला कुठे जायचंय?" विचारणं म्हणजे तिला न विचारणंच होय, असं माझं ठाम मत आहे. 2018 च्या शफीन जहान निकालाने जोडीदार निवडण्याचा हक्क अनुच्छेद 21 मध्ये, म्हणजे जीविताच्या आणि व्यक्तिस्वातंत्र्याच्या हक्कात, पक्का केला. तो हक्क तिचा आहे, याचिका करणाऱ्याचा नाही. ती "मला आईकडेच राहायचंय" म्हणाली, तर प्रकरण तिथे संपतं. ती मैत्रिणीकडे किंवा होस्टेलला जाते म्हणाली, तर तेही तिचंच चालेल. नवऱ्यांनो, ही तयारी ठेवूनच सही करा.

ती यायला तयार झाली तर त्याच दिवशी कोर्टासमोर दोन गोष्टी मागा: मुक्कामी पोचेपर्यंत पोलीस संरक्षण, आणि घरी अडकलेली तिची मूळ प्रमाणपत्रं, बँकेचं पासबुक, फोन. नंतर हे कागद मागायला तिला एकटीला त्या घरी पाठवू नका.