क्रिस्टा लुडविग कशी ऐकावी: खालच्या पट्टीच्या मुलींसाठी

फोंड्यात माझ्याकडे गाणं शिकायला येणाऱ्या मुलींत एखादी तरी खालच्या आवाजाची असतेच. घरच्यांना वाटतं, गळ्यात काहीतरी कमी आहे. नाट्यगीताच्या स्पर्धेत कोणीतरी ‘पट्टी चढव’ म्हणतं, मग पोरगी पेटीची काळी पाच धरून ओढून-ताणून गाते आणि घसा बसवून घेते. अशा मुलीला मी केसरबाई केरकर ऐकवते. त्यांचं गाव केरी आमच्याच तालुक्यातलं. आणि त्यांच्यासोबत एक जर्मन गायिका ऐकवते, क्रिस्टा लुडविग. हे लिहिलंय ते तिला घरी बसून कसं ऐकावं यासाठी.

ऑपेरात बायकांच्या सगळ्यांत उंच आवाजाला सोप्रानो म्हणतात, त्याच्या खालच्याला मेझो-सोप्रानो. लुडविग मेझो. जन्म 1928, बर्लिन. आई-वडील दोघंही गायक, आणि तिची खरी गुरू आईच. आई मोगूबाईंसमोर शिकायला बसलेल्या किशोरीताई डोळ्यांपुढे आणा, म्हणजे ते घर कळेल. 1946 साली, अठराव्या वर्षी, ती फ्रँकफर्टला रंगमंचावर आली ती एका राजपुत्राच्या भूमिकेत, ऑर्लोफस्की म्हणून. आपल्याकडे बालगंधर्व शालू नेसून उभे राहिले. तिकडे कोवळ्या तरुणाची भूमिका पुष्कळदा मेझोच्या वाट्याला येते, कारण तो रंग उंच आवाजात मिळत नाही. 1955 मध्ये संगीतदिग्दर्शक (वाद्यवृंद चालवणारा, कंडक्टर) कार्ल ब्योमनं तिला व्हिएन्नाच्या ऑपेरात घेतलं. 1994 मध्ये निवृत्त होईपर्यंत ते तिचं घर राहिलं.

आता ऐकायला बसा. मोबाइलच्या स्पीकरवर नको, खालचे सूर तिथं मरतात. साधे इअरफोन चालतील. आणि तंबोरा बंद ठेवा. सवयीनं लावावासा वाटेल, पण या संगीतात आधारस्वर मध्येच सरकतो आणि तंबोरा त्याच्याशी भांडत बसतो.

सुरुवात जर्मन संगीतकार बाखच्या ‘सेंट मॅथ्यू पॅशन’ या येशूच्या यातनांच्या गायनकथेतल्या ‘एर्बार्मे दिख’नं करा, कंडक्टर क्लेम्पेररच्या 1961 च्या ध्वनिमुद्रणातून. कोंबडा आरवण्याआधी पीटरनं येशूला तीनदा नाकारलं आणि मग तो ढसाढसा रडला, त्यानंतरचं हे गाणं: देवा, माझ्या आसवांकडे बघून दया कर. सुरुवातीला पेटीवर पांढरी सात दाबून पाहा, तोच सा. गंधार, धैवत कोमल लागतील, आसावरीच्या अंगाचं काहीतरी ओळखीचं वाटेल. पण राग शोधत बसू नका. व्हायोलिन आधी चाल मांडतं, मग लुडविग येते. रडण्याचं गाणं आहे, पण ती रडत नाही. खाली उतरताना सूर जाड करत नाही, आवाज दाबत नाही. एवढंच पहिल्या दिवशी ऐका.

मग बेल्लिनीच्या ‘नॉर्मा’ या ऑपेरामधलं ‘मीरा, ओ नॉर्मा’, 1960 चं. नॉर्मा मारिया कॅलास, अदाल्जिसा लुडविग. दोघी एकत्र गातात तेव्हा कान आपोआप वरच्या सुराकडे धावतो. तो मुद्दाम खालच्याला चिकटवा. गाणं पुन्हा लावा आणि लुडविगची ओळ हळू गुणगुणा. हे जमायला वेळ लागतो, पण यानं कान जितका तयार होतो तितका दुसऱ्या कशानं होत नाही, असं माझं ठाम मत आहे.

संगीतकार माहलरचं ‘दास लीड फोन डेर एर्डे’, म्हणजे ‘पृथ्वीचं गाणं’, सर्वांत शेवटी घ्या. क्लेम्पेररचंच, 1964 आणि 66 मध्ये मुद्रित झालेलं. त्यातला ‘निरोप’ हा भाग जवळपास अर्ध्या तासाचा आहे. चिनी कवितांच्या जर्मन रूपांतरावर बेतलेला. शब्दांचा अर्थ आधी वाचून घ्या, मध्ये उठू नका. शेवटी ती ‘एविख’, म्हणजे ‘सदैव’, हा एकच शब्द पुन्हा पुन्हा म्हणते. तिथं पांढरी एक सा धरा: ती गंधारावरून रिषभावर येते आणि तिथंच थांबते. माझी एक विद्यार्थिनी ऐकता ऐकता ताठ झाली, “टीचर, ही ‘सा’वर आलीच नाही!” नाहीच येत. वाद्यवृंद सा, ग, प आणि ध एकत्र धरून ठेवतो आणि ती रिषभ सोडून गप्प होते. षड्जावर विसावायची सवय लागलेल्या आपल्या कानाला हे फार लागतं, आणि लागू द्यावं.

तिनं उंच भूमिकाही केल्या. बेथोवनच्या ‘फिडेलिओ’तली लिओनोरे सोप्रानोची, ती तिनं गाजवली. पण वाग्नरच्या ऑपेरातल्या इझोल्डे या सोप्रानोच्याच अवघड भूमिकेसाठी मोठमोठ्या संगीतदिग्दर्शकांनी गळ घातली तरी तिनं ती नाट्यगृहात उभी केली नाही. 1970 च्या सुमाराला आवाजानं त्रास दिला तेव्हाही तिनं भूमिका निवडून घेतल्या आणि पुढं वीसेक वर्षं गायली. स्पर्धेसाठी पट्टी चढवायला सांगणाऱ्यांना हे सांगा.

आणि मुलींनो, ऐकून झाल्यावर पेटी घ्या. मंद्रातला पंचम जिथं भरदार, विनासायास लागतो आणि तार गंधारापर्यंत मान ताणावी लागत नाही, तो तुमचा सा. काळी दोन निघाला तर काळी दोन. पुढच्या तालमीला तबलजींना तीच पट्टी सांगा.