मित्र चार, नोकऱ्या नऊ: असा सिटकॉमचा एपिसोड लिहिताना या चुका टाळा

वाचनाला बसलेली मंडळी पहिल्या पाच पानांना खळखळून हसतात, दहाव्या पानापर्यंत चेहरे हसरे ठेवतात आणि पंधराव्याला पाणी प्यायला उठतात. सगळ्या मित्रांच्या गळ्यात दोन-दोन, तीन-तीन कामं बांधलेल्या एपिसोडचं हे नेहमीचं दुखणं. लेखकाला वाटतं पंच, म्हणजे हशा पिकवणारी वाक्यं, कमी पडले. तो पंच वाढवतो, दुखणं तसंच राहतं. कारण ते वाक्यांत नसतंच, मांडणीत असतं. प्रत्येक जण आपापल्या कामामागे आपापल्या दिशेने पळतोय आणि कोणीच कोणाला धडकत नाही.

हा विषय माझ्या फार जवळचा आहे. पोटासाठी एक काम आणि मनासाठी दुसरं, अशी ओढाताण करणारी माणसं मी आयुष्यभर पाहत आलोय. त्यांच्यावर चांगला एपिसोड झाला पाहिजे असं मनापासून वाटतं, म्हणून संहितांमध्ये पुन्हा पुन्हा दिसणाऱ्या चुका इथे मांडतो.

मिनिटं न मोजता नोकऱ्या वाटणं

अर्ध्या तासाच्या स्लॉटमधून जाहिराती वजा केल्या की हातात साधारण २२ मिनिटं उरतात. सीन सरासरी दोन मिनिटांचा धरला तर सगळे मिळून दहा-अकरा सीन. आता चार मित्रांना प्रत्येकी दोन कामं दिली की कामाच्या जागा झाल्या आठ. प्रत्येक जागेचा साहेब, सहकारी, गिऱ्हाईक वेगळं. एकेका जागी एकदा डोकावलं की एपिसोड संपला, गोष्ट सुरूच झाली नाही. एक ना धड, भाराभर चिंध्या.

माझ्या एका जुन्या मसुद्यात सात नोकऱ्या होत्या. त्यातल्या पाच पडद्यावर दाखवायच्याच नाहीत असं ठरवलं, तेव्हा कुठे उरलेल्या दोघींना श्वास मिळाला. बाकीच्या गणवेशातून, किल्ल्यांच्या जुडग्यातून, भलत्या वेळी वाजणाऱ्या फोनमधून कळल्या, आणि तेवढं पुरलं. माणूस स्वयंपाकघरात शिरताना एका कामाचं ओळखपत्र काढून दुसऱ्याचं गळ्यात घालतो, हे तीन सेकंदांत दिसतं. तेच तो मित्राला "तुला माहीतच आहे, मी सकाळी अमुक करतो आणि रात्री तमुक" असं सांगायला लागला की अर्धं पान गेलं. आणि मित्राला माहीतच आहे, तर सांगतोय कशाला?

"मग सोडून दे ना!" याला उत्तर नसणं

प्रेक्षक हा प्रश्न मनात विचारतोच. पात्र दमलंय, चिडलंय, रडकुंडीला आलंय. मग एक काम सोडत का नाही? लेखकाकडे याचं एका ओळीचं उत्तर नसेल तर पुढची सगळी धडपड पोकळ वाटते. म्हणून मसुद्याला हात घालण्याआधी प्रत्येक नोकरीपुढे ते उत्तर लिहून काढा. घरभाडं. धाकट्या भावाची फी. रेकॉर्डिंग स्टुडिओचे तास विकत घ्यायचेत. साहेबाने एकदा अडचणीत सांभाळून घेतलंय, त्याला नाही म्हणवत नाही. "त्याला सगळंच आवडतं" हे उत्तर नव्हे.

कार्लो गोल्डोनी यांनी १७४०च्या दशकात लिहिलेलं 'दोन मालकांचा नोकर' हे इटालियन नाटक या जातीच्या गोष्टींचं मूळपीठ म्हणावं असं आहे. त्यातला ट्रुफाल्दिनो दुसरी चाकरी धरतो ती भुकेपोटी. दोन मालक म्हणजे दोन पगार आणि दोन जेवणं, इतका सरळ हिशोब. तो ज्याला कळत नाही असा प्रेक्षक जगात नाही, म्हणून पुढे त्याने कितीही थापा मारल्या तरी आपण त्याच्याच बाजूने राहतो.

या नाटकातली दुसरी गोष्ट त्याहून मोलाची. दोन्ही मालक एकाच खानावळीत उतरलेत. त्यातही एक मालक म्हणजे पुरुषवेशातली तरुणी, आणि दुसरा तिचाच प्रियकर. दोघं एकमेकांना शोधतायत. नोकर आपली दुहेरी चाकरी लपवण्यासाठी त्यांना एकमेकांसमोर येऊ देत नाही. म्हणजे त्याची दोन कामं एकमेकांवर येऊन आदळतायत, आणि मध्ये उभा आहे तो स्वतः. ही रचना समजून घेतली की पुढची चूक आपोआप दिसते.

धावपळीलाच विनोद समजणं

पात्र धावत येतं, कपडे बदलतं, धावत जातं. पुन्हा येतं, पुन्हा जातं. लेखक याला वेग म्हणतो. प्रेक्षकाला ती फक्त ये-जा दिसते, कारण पात्र उशिरा पोचलं तर नेमकं कोणाचं काय बिघडणार हे त्याला माहीत नसतं. गाण्यावर झरझर चित्रं जोडून ही ये-जा दाखवायचा मोह तर हमखास होतो. एखाद्या वेळी चालेल, पण त्या मिनिटात गोष्ट एक पाऊलही पुढे सरकत नाही, हे लक्षात ठेवा.

उपाय म्हणजे जागा कमी करा आणि वेळ आवळा. एक उदाहरण घेऊ. मित्र चार; त्यांना नावांऐवजी त्यांच्या इच्छेने ओळखू. गायिका, नट, चित्रकार आणि चौथा मोकळा, ज्याला सध्या काहीच काम नाही. गायिका दिवसभर कॅफेच्या काउंटरवर असते. नट त्याच इमारतीच्या दाराशी पहारेकरी आहे. चित्रकार डबे आणि पार्सलं पोचवतो. आता गुरुवारी संध्याकाळी सात वाजता गायिकेला एक संगीतकार भेटायला येणार, कॅफेत. तिने त्याला सांगितलंय की ती पूर्णवेळ गाते. त्याच सातच्या ठोक्याला वरच्या मजल्यावर नटाची ऑडिशन. आणि ऑडिशनला येणाऱ्या प्रत्येकाची नोंद वहीत करून त्याला वर सोडायचं काम कोणाचं? त्याचंच.

एकच इमारत, एकच वेळ. या क्षणी कोणीही पायऱ्या चढला तरी प्रेक्षक सावरून बसतो.

नोकरी म्हणजे नुसतं नाव

"तो ऑफिसात जातो" यातून काहीच निघत नाही. कामाला नियम हवा. प्रत्येक नोकरीचा एकच, पण न मोडता येणारा नियम शोधा, आणि तो त्या धंद्यातला खरा नियम असू द्या. पहारेकऱ्याचा नियम: बदली येईपर्यंत खुर्ची सोडायची नाही. फोनवर तक्रारी घेणाऱ्याचा: समोरच्याने ठेवल्याशिवाय फोन ठेवायचा नाही. डबे पोचवणाऱ्याचा: ज्याच्या नावाचं पार्सल, त्याच्याच हाती. काउंटरवरचा: गल्ला उघडा टाकून हलायचं नाही. हे चार नियम शेजारी शेजारी लिहा आणि सात वाजवा. अर्धे सीन तुमच्यासमोर उभे राहतील.

याचं मला भावलेलं उदाहरण 'आय लव्ह लुसी' या अमेरिकी मालिकेत आहे. १५ सप्टेंबर १९५२ रोजी प्रसारित झालेल्या 'जॉब स्विचिंग' या भागात बायका कमवायला बाहेर पडतात आणि नवरे घरकाम अंगावर घेतात. लुसी आणि तिची मैत्रीण एथेल चॉकलेटच्या कारखान्यात सरकत्या पट्ट्यासमोर उभ्या राहतात. नियम एवढाच की एकही चॉकलेट कागदात न गुंडाळता पुढे गेलं तर नोकरी गेली. पट्टा वेग घेतो, चॉकलेटं हाताबाहेर जायला लागतात, तशी त्या ती तोंडात कोंबतात, टोपीत लपवतात, कपड्यांत सारतात. मुकादम बाई येऊन पाहते तर पट्टा साफ. ती खूश होते आणि पट्ट्याचा वेग आणखी वाढवायला सांगते.

इथे थोडं थांबून नीट बघण्यासारखं आहे. संकट वाढतं ते त्या हरल्या म्हणून नाही; लपवण्यात यशस्वी झाल्या म्हणून वाढतं. दोन कामं करणाऱ्या माणसाचंही हेच होतं. त्याने आज कसंबसं निभावलं की उद्या सगळे त्याच्यावर थोडं आणखी टाकतात. तुमच्या एपिसोडमधल्या साहेबाला रागावायला लावण्याआधी एकदा त्याला खूश करून पाहा. "तू इतकं छान सांभाळतोस, तर शनिवारही बघ" हे वाक्य कुठल्याही ओरड्यापेक्षा जास्त अडचणीत आणतं.

सगळ्यांनाच सारखं गुंतवणं

चारही मित्र तितकेच व्यग्र असतील तर एकमेकांसाठी वेळ कोणाकडेच नाही, मग ते एका फ्रेममध्ये येणार कसे? एकाला मोकळा ठेवा. तो रिकामटेकडा वाटेल अशी भीती वाटते, पण या जातीच्या एपिसोडमध्ये तोच सगळ्यात उपयोगी माणूस. "जरा पाच मिनिटं सांभाळशील का?" हे वाक्य तिघंही त्यालाच म्हणणार, आणि तो तिघांनाही हो म्हणणार. सात वाजून दहा मिनिटांनी तो नटाची टोपी घालून खुर्चीत बसलाय, गायिकेचा एप्रन त्याच्या कमरेला आहे आणि चित्रकाराचं पार्सल मांडीवर. त्याला स्वतःची एकही नोकरी नाही आणि तो इमारतीतला सगळ्यात थकलेला माणूस आहे.

इथे एक हळवी जागा मिळते, ती दवडू नका. मित्रांना तो उपयोगी पडतोय याचा त्याला खरोखर आनंद होतो. तिघांपैकी कोणीही त्याला विचारलेलं नाही की तुला काय व्हायचंय.

कोणाला काय माहीत, याचा हिशोब न ठेवणं

अडलेल्या मसुद्यात हे दुखणं सर्वाधिक सापडतं, आणि दुरुस्तीही सगळ्यात सोपी. एका कागदावर आडव्या ओळीत पात्रं लिहा, उभ्या ओळीत सीन. प्रत्येक चौकटीत त्या पात्राला त्या क्षणी काय ठाऊक आहे ते भरा. संगीतकाराला माहीत नाही की गायिका काउंटर सांभाळते. नटाला माहीत नाही की गायिकेने मोकळ्याला आधीच बोलावून ठेवलंय. प्रेक्षकाला दोन्ही माहीत आहे. सलग तीन सीनमध्ये चौकटी बदलल्या नाहीत तर तिथेच एपिसोड रेंगाळतोय. आणि प्रेक्षकाचीच चौकट रिकामी असेल, म्हणजे रहस्य त्याच्यापासूनही लपवलं असेल, तर हशाची जागा गोंधळ घेतो. थाप कोणती, ती कोणाला मारली आणि उघडी पडली तर काय जाईल, हे प्रेक्षकाला पात्रांच्या आधी कळू द्या.

स्वप्नाला हसणं

ही चूक मला सगळ्यात जास्त टोचते. नटाला वाईट अभिनय करायला लावायचा, गायिकेला बेसूर दाखवायचं, चित्रकाराची चित्रं म्हणजे नुसते फराटे. पहिला हशा मिळतो. पण मग प्रेक्षकाला वाटतं, बरं झालं, याने पहाराच करावा. दोन दगडांवर पाय ठेवून उभ्या राहिलेल्या माणसाची गंमतही गेली आणि काळजीही.

गायिकेला चांगलं गाता आलं पाहिजे. एपिसोडमध्ये कुठेतरी तीस सेकंद तिला गाऊ द्या, कोणीही विनोद न करता. कॅफे बंद झाल्यावर खुर्च्या टेबलांवर उलट्या ठेवताना गायली तरी चालेल. त्यानंतर ती ट्रे घेऊन धावते तेव्हा काय पणाला लागलंय ते कोणाला समजावून सांगावं लागत नाही. हसू यावं ते परिस्थितीचं, तिच्या गळ्याचं नव्हे.

शेवटी सगळ्यांना सगळं देऊन टाकणं

संगीतकार गाणं देतो, नटाला भूमिका मिळते, चित्रांचं प्रदर्शन ठरतं. पुढच्या आठवड्यात लिहायचं काय? सिटकॉमला माणसं साधारण पहिल्या जागी परतावी लागतात, पण काहीच घडलं नाही असं वाटूनही चालत नाही. एकालाच काहीतरी मिळू द्या, तेही अर्धं, आणि त्याची किंमत दुसऱ्या कोणीतरी मोजू द्या. नटाची ऑडिशन चांगली होते, पण ती देण्यासाठी खुर्ची सोडल्याचं उघड होतं आणि पहाऱ्याचं काम जातं. संगीतकार गायिकेला पुन्हा भेटायचं कबूल करतो, पण यावेळी तिने खरं सांगितलंय. चित्रकाराला फक्त डबा उशिरा पोचवल्याबद्दल बोलणी बसतात. त्याचं एवढंच पुरे. कोणीतरी सोफ्यावर बसून मैत्री, कष्ट आणि स्वप्नं यांवर चार वाक्यं बोलत असेल तर ती काढून टाका. ते सगळं एव्हाना दिसलेलं असतं.

टॅग, म्हणजे गोष्ट संपल्यानंतरचा तो अर्ध्या मिनिटाचा तुकडा, मोकळ्यासाठी राखून ठेवा. दुसऱ्या दिवशी सकाळी तो दाराशी बसलाय, नटाच्या रिकाम्या खुर्चीत. इमारतीच्या व्यवस्थापकाने कालचं त्याचं काम पाहिलंय आणि त्याला ठेवून घेतलंय. नट शेजारून जातो, थांबतो. मोकळा वही पुढे सरकवतो आणि विचारतो, "कोणाकडे जायचंय?"