विंडोज+आर: आयकॉन शोधत बसण्यापेक्षा नाव टाइप करा

डेस्कटॉपवर साठ-सत्तर आयकॉन साठलेत आणि हवी ती एक्सेल शीट कधीच पटकन सापडत नाही, असं ज्यांचं होतं त्यांच्यासाठी हे लिहितोय. कीबोर्डवर विंडोजचं बटण आणि आर एकत्र दाबा, खाली डाव्या कोपऱ्यात छोटा रन बॉक्स येतो, हा विंडोज ९५ पासून आहे पण अर्ध्या लोकांनी उघडूनच बघितलेला नसतो.

आधी सोपं बघू. इंग्रजीत नोटपॅड टाइप करून एंटर मारा, उघडलं. कॅल्क्युलेटरला पूर्ण नाव नको, सी-ए-एल-सी पुरे. वर्डला मात्र नुसतं वर्ड चालत नाही, विनवर्ड लिहावं लागतं, एक्सेलला एक्सेलच. पेंटसाठी एमएसपेंट. कीबोर्डची एखादी की मेली असेल तर ओ-एस-के टाका, स्क्रीनवर कीबोर्ड येतो (नेमकी यातलीच की मेली असेल तर मग माऊसच धरा!). नुसता एक डॉट टाकून एंटर मारलंत तर तुमचं स्वतःचं युजर फोल्डर उघडतं, हे मला लय उशिरा कळलं.

आता खरी मजा. डी ड्राइव्हवर एक फोल्डर करा, नाव काहीही, मी नुसतं 'के' ठेवलंय. रोज लागणाऱ्या फाइलींचे, फोल्डरांचे शॉर्टकट त्यात टाका आणि नावं बारीक करा, मागचं ते 'शॉर्टकट' शेपूट काढून टाका. मग स्टार्टमध्ये एन्व्हायर्नमेंट असं शोधा, दोन पर्याय दिसतील, त्यातला 'फॉर युअर अकाउंट'वाला घ्या, त्याला अॅडमिन लागत नाही. वरच्या यादीत पाथ (प्रोग्राम कुठल्या फोल्डरांत शोधायचे त्याची यादी) निवडून एडिट, मग न्यू, आणि फोल्डरचा पत्ता पेस्ट करून ओके करत बाहेर या. तिथल्या आधीच्या ओळींना मात्र हात लावू नका, त्यांच्यावर बाकीचे प्रोग्राम चालतात. आता रनमध्ये शॉर्टकटचं नाव टाकलं की फाइल समोर. नाव देवनागरीतही चालतं, माझ्या शीटचं नाव 'हिशोब' आहे, पण मग दरवेळी विंडोज+स्पेसने भाषा बदलावी लागते म्हणून शेवटी मी इंग्रजी 'एच' केलं.

हीच कामं सीएमडीच्या, म्हणजे कमांड टाइप करून कामं करायच्या, काळ्या खिडकीतून करायची तर दोन गोष्टी अडतात. तिथे विनवर्ड टाकलं की कमांड ओळखत नाही म्हणून ओरडतं, कारण वर्डचा पत्ता रजिस्ट्रीत (विंडोजची सेटिंग्ज जिथे साठतात तिथे) वेगळ्या जागी असतो, रन तिथे बघतं, सीएमडी फक्त चालू फोल्डर आणि पाथ बघतं. आधी स्टार्ट लिहून पुढे विनवर्ड लिहा, होतं. दुसरं, फाइलच्या नावात स्पेस असेल तर नाव डबल कोट्समध्ये घालायचं, पण स्टार्ट पहिल्या कोट्सला खिडकीचं टायटल समजतं, म्हणून आधी रिकामे कोट्स "" द्यायचे, मग स्पेस, मग फाइलचं नाव. यावर माझी एक अख्खी दुपार गेलीय, फाइल उघडायच्या ऐवजी नुसती नवीन काळी खिडकी येत होती. लांब नाव पूर्ण टाइप करू नका, पहिली दोन-तीन अक्षरं लिहून टॅब दाबा, बाकीचं तोच भरतो आणि स्पेस असेल तर कोट्सही लावतो.

एखाद्या फोल्डरमध्येच काळी खिडकी हवी असेल तर फोल्डर उघडून वरच्या अॅड्रेस बारमध्ये सीएमडी टाइप करून एंटर. आणि रनमधून काही अॅडमिन म्हणून चालवायचं तर एंटरच्या जागी कंट्रोल+शिफ्ट+एंटर.