उद्यमनगरातलं वर्कशॉप वाढतंय? मग आधी कामाची मांडणी बदला

पाच जणांचं मशीनशॉप तोंडी चालतं, मालकाने हाक मारली की झालं. पण पाच जणांत एकमेकांशी बोलायच्या जोड्या 10 होतात आणि वीस जणांत थेट 190, मग निरोप चुकणारच, त्यात पोरांचा दोष नसतो ओ.

आधी आठवडाभर वही ठेवा, कुठला निर्णय तुमच्यापाशी येऊन अडतो ते लिहा. मग टर्निंग (लेथवरचं काम), क्वालिटी, स्टोअर, डिस्पॅच, प्रत्येकाला एक जबाबदार माणूस द्या आणि किती रुपयांपर्यंतची खरेदी त्याने न विचारता करायची तेपण ठरवा. हे लई महत्त्वाचं आहे, कारण नुसतं पद दिलं आणि अधिकार हातातच ठेवला तर तो बिचारा परत तुमच्याच केबिनबाहेर उभा राहणार आणि काम तिथंच अडणार.

त्या जबाबदार माणसाला ओलांडून कामगाराला थेट ऑर्डर देऊ नका. एका माणसाला एकच वरिष्ठ, हे आंरी फायोल या फ्रेंच खाण इंजिनिअरने 1916 मध्येच मांडलंय.

नियम लिहा, पण थोडेच. दरवर्षी खंडेनवमीची पूजा झाली की सगळ्यांना घेऊन बसा आणि बिनकामाचे झालेले नियम काढून टाका.