झाडतोडीविरुद्ध हरित लवादात जाण्याआधी

राष्ट्रीय हरित लवाद म्हणजे पर्यावरणाच्या तंट्यांसाठीचं न्यायाधिकरण. त्याच्या पुण्याच्या खंडपीठाकडे धावण्याआधी झाडतोडीच्या परवानगीचा कागद मिळवा आणि ती कोणत्या कायद्याखाली, कोणत्या कलमाखाली दिली आहे ते वाचा. झाडं किती, वड की पिंपळ, हे नंतर. मागच्या वेळी आमची फाइल जाडजूड होती. फोटो, बुंध्यांची मापं, पक्ष्यांची यादी, सगळं होतं. पहिल्याच तारखेला विचारलं गेलं की हे अनुसूचीतल्या कुठल्या कायद्यात बसतं, आणि आम्ही एकमेकांकडे बघत राहिलो.

तर अनुसूची, म्हणजे कायद्याला जोडलेली यादी. लवाद तिच्यातल्या कायद्यांचेच प्रश्न ऐकतो. राष्ट्रीय हरित लवाद अधिनियम 2010 च्या पहिल्या अनुसूचीत सातच कायदे आहेत: जलप्रदूषणाचा 1974 चा, पाणी उपकराचा 1977 चा, वन संवर्धनाचा 1980 चा, वायुप्रदूषणाचा 1981 चा, पर्यावरण संरक्षणाचा 1986 चा, सार्वजनिक दायित्व विम्याचा 1991 चा आणि जैवविविधतेचा 2002 चा. महाराष्ट्राचा शहरी झाडांचा 1975 चा कायदा त्यात नाही. 1964 चा वृक्षतोड नियमनाचा नाही. 1927 चा भारतीय वन अधिनियमही नाही आणि, अनेकांना पटत नाही, पण 1972 चा वन्यजीव कायदासुद्धा नाही. म्हणजे वृक्ष प्राधिकरणाने (झाडतोडीची परवानगी देणारी पालिकेची समिती) 1975 च्या कायद्याखाली दिलेली परवानगी चुकीची आहे, एवढंच तुमचं म्हणणं असेल तर सरळ उच्च न्यायालयात रिट याचिका करा, म्हणजे सरकारी निर्णयाला थेट आव्हान द्या. लवादाचा कायदा रिटच्या आड येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2022 मध्ये स्पष्ट केलं आहे.

‘झाडं म्हणजे पर्यावरणच ना?’ असं कुणीतरी म्हणणारच. लवादाच्या अधिनियमातल्या कलम 14 ला दोन्ही गोष्टी लागतात: पर्यावरणाचा भरीव प्रश्न, आणि तो अनुसूचीतल्या कायद्याच्या अंमलबजावणीतून निघालेला. दुसरं नसेल तर पहिलं कितीही कळकळीने मांडा, उपयोग नाही. दिल्लीत झाडांच्या बुंध्याभोवतीचं काँक्रीट काढायला 2013 मध्ये लवादानेच सांगितलं होतं, हा दाखला कुणी देईल. द्या, पण फक्त त्याच्या जिवावर अर्ज उभा करू नका. लवाद स्वतःहून दखल घेऊ शकतो, हे 2021 मध्ये मान्य झालं. त्याने अनुसूचीत आठवा कायदा आलेला नाही.

आता शोध घ्या की तुमच्या प्रकरणात त्या सातांपैकी एखादा दडलाय का. बरेचदा असतो. जागा वन आहे का? सर्वोच्च न्यायालयाच्या 12 डिसेंबर 1996 च्या आदेशाप्रमाणे मालकी कुणाचीही असो, शब्दकोशातल्या अर्थाने वन असेल तर 1980 चा कायदा लागतो. म्हणून सातबारा आणि वन विभागाच्या जुन्या नोंदी काढा. बांधकाम 20,000 चौरस मीटर किंवा त्याहून मोठं आहे का? मग 1986 च्या कायद्याखालच्या 2006 च्या अधिसूचनेप्रमाणे पर्यावरण मंजुरी लागते, तिच्या अटींत झाडांबद्दल काय लिहिलंय ते ओळीओळीने वाचा. कांदळवन असेल तर किनारपट्टी नियमनाची (सीआरझेड) अधिसूचना आहे, तीही 1986 च्या कायद्याखालचीच. यातलं काही सापडलं तर अर्जाच्या पहिल्या पानावर तो कायदा आणि कलम लिहा. पहिल्या पानावर, चाळिसाव्या नाही.

मुदत. कलम 14 खाली कारण पहिल्यांदा घडल्यापासून सहा महिने, सबळ कारण दाखवलं तर वर 60 दिवस, पुढे दार बंद. पर्यावरण मंजुरीलाच आव्हान द्यायचं असेल तर ते कलम 16 चं अपील: 30 दिवस, वर फार तर 60. हे 30 दिवस हुकले म्हणून तीच तक्रार कलम 14 मध्ये घुसवू नका, लगेच पकडलं जातं. पालिकेला स्मरणपत्रं पाठवत बसल्याने मुदत थांबत नाही.

झाडावर नोटीस लागली की सात दिवसांत लेखी हरकत घ्या आणि पोच ठेवा. जायचं कुठेही असो, ही लागतेच. स्थगितीची मागणी पहिल्याच दिवशी करा. मुंबईच्या आरेमध्ये 4 ऑक्टोबर 2019 ला उच्च न्यायालयाने याचिका फेटाळल्या आणि त्याच रात्री करवती चालू झाल्या. 7 तारखेला सर्वोच्च न्यायालयाने थांबवेपर्यंत दोन हजारांहून जास्त झाडं गेली होती.

1975 च्या कायद्यातली दुरुस्तीच रद्द करा, असली मागणी लवादात नको. कायदा रद्द करणं त्याच्या हातात नाही.

बाकी नेहमीचं. भरपाई मागत नसाल तर शुल्क 1,000 रुपये. शपथपत्र. मराठी कागदांचं इंग्रजी भाषांतर. तारखेसह फोटो. पानांना क्रमांक. प्रकल्पवाल्याला प्रतिवादी करायला विसरू नका. आणि दाखल करायच्या आदल्या रात्री सात कायद्यांची ती यादी पुन्हा एकदा अर्जाशेजारी ठेवून ताडून बघा.